फियाटचं माप

आदिलाबादच्या एका गॅरेजमागे, कडुनिंबाच्या सावलीत, एक प्रीमियर पद्मिनी उभी आहे. टायर बसलेले, छतावर निंबोळ्यांचा सडा. पण पत्रा अजून टणक आहे आणि बोनेटवरची क्रोमची पट्टी हात फिरवला की चमकते. गेल्या हिवाळ्यात मी तिथं मोजायचा टेप घेऊन गेलो. मिस्त्रींनी काही न विचारता दुसरं टोक धरलं. पुढच्या बंपरपासून मागच्या बंपरपर्यंत ३ मीटर ९३ सेंटिमीटर. रुंदी १ मीटर ४६. मूळ इटालियन फियाट ११०० डी गाडीच्या तपशिलातही हेच आकडे आहेत: लांबी ३९३०, रुंदी १४६० मिलिमीटर, वजन साधारण ८९५ किलो.

हे माप मला का हवं होतं? युरोपात आणि जपानमध्ये गेली साडेतीन दशकं जुन्या वळणाच्या छोट्या गाड्या नव्या यंत्रणेसह निघत आहेत, आणि लोक त्या रोजच्या कामाला वापरत आहेत. रेनॉची १९७२ सालची ‘५’ ही गाडी २०२४ मध्ये विजेवर चालणारी होऊन परत आली आणि २०२५ ची युरोपातली ‘कार ऑफ द इयर’ ठरली. तिची लांबी ३ मीटर ९२ सेंटिमीटर, म्हणजे आपल्या पद्मिनीपेक्षा एक सेंटिमीटर कमी. दुसरी गंमत घरचीच. २००६ च्या अर्थसंकल्पापासून आपल्याकडे छोट्या गाडीची व्याख्या ठरलेली आहे: लांबी चार मीटरच्या आत, पेट्रोल इंजिन १२०० सीसीच्या आत. २२ सप्टेंबर २०२५ पासून अशा गाडीवर १८ टक्के जीएसटी लागतो. पद्मिनीचं इंजिन १०८९ सीसीचं होतं. जी गाडी बंद होऊन पाव शतक झालं, ती आजच्या करव्यवस्थेच्या मापात जशीच्या तशी बसते. तरी तिचा नवा अवतार कुणी काढला नाही. मला या गोष्टीची खरोखर खंत वाटते, आणि हा लेख त्या खंतीतूनच लिहिला आहे.

वालचंद हिराचंद यांनी १९४४ मध्ये प्रीमियर ऑटोमोबाइल्स स्थापन केली. कुर्ल्याच्या कारखान्यात आधी अमेरिकन डॉज-प्लिमथ गाड्यांची जुळणी झाली, मग पन्नाशीच्या दशकात फियाटशी करार झाला. त्यातली गोलमटोल ११०० गाडी मराठी माणसानं लगेच घरची केली आणि तिला ‘डुक्कर फियाट’ म्हटलं. हे नाव लाडाचं होतं. पुढे साठीच्या दशकात चौकोनी नाकाची ११०० डी आली, ती सत्तरीच्या सुरुवातीला ‘प्रीमियर प्रेसिडेंट’ झाली आणि १९७४ मध्ये ‘पद्मिनी’. नाव कितीही बदललं तरी आमच्याकडे ती फियाटच राहिली.

आमच्याकडे म्हणजे पैनगंगेच्या दोन्ही तीरांवर. १९५६ मध्ये भाषावार प्रांतरचना झाली तेव्हा किनवट आणि राजुरा हे तालुके आदिलाबाद जिल्ह्यातून निघून मराठी मुलखाकडे गेले. बेला, जैनद, तामसी, तलमडगू या भागातलं मराठी मात्र इकडेच, आजच्या तेलंगणात राहिलं. सोयरीक, बाजार, दवाखाना यांसाठी माणसं नदी ओलांडत राहिली. आजही आदिलाबादच्या रस्त्यावर टीएस-०१ आणि टीजी-०१ पाट्यांच्या शेजारी नांदेडची एमएच-२६, यवतमाळची २९, चंद्रपूरची ३४ सर्रास दिसते. माझे काका किनवटहून दिवाळीनंतर यायचे ते फियाटमधूनच. कापसाच्या गाड्यांनी बाजाराचा रस्ता तुंबलेला असायचा आणि काका त्या गर्दीतून, बैलांच्या शिंगांना न लावता, फियाट अलगद बाहेर काढायचे. दोन्ही बाजूंना मोठ्या काचा, छताचे खांब बोटभर. चारी कोपरे चालवणाऱ्याला बसल्या जागी दिसत. ही १ मीटर ४६ ची किमया होती, हे मला टेप लावल्यावर कळलं.

पण आठवणीच्या भरात जुन्या गाडीचे दोष लपवणं मला मान्य नाही. मे महिन्यात इथं पारा ४५ च्या आसपास जातो. निर्मलच्या घाटात चढावर फियाट हमखास बंद पडायची. काका उतरून बोनेट उघडायचे, ओला पंचा पेट्रोलच्या पंपावर गुंडाळायचे आणि आम्ही पोरं रस्त्याकडेच्या सागाच्या सावलीत बसून राहायचो. मिस्त्री याला ‘पंपानं एअर धरली’ म्हणतात. प्रत्यक्षात ती हवा नसते, पेट्रोलचीच वाफ असते. त्या गाडीचा पंप इंजिनच्या अंगालाच बसवलेला, इंजिनच्याच फिरण्यावर चालणारा. तो टाकीतून पेट्रोल ओढून घेतो. ओढताना नळीतला दाब उतरतो, दाब उतरला की पेट्रोल कमी उष्णतेलाही उकळतं. त्यात शेजारी तापलेलं इंजिन. नळीत वाफ भरली की पंप नुसता हलतो आणि कार्बोरेटरपर्यंत थेंब पोचत नाही. आजच्या गाडीत पंप विजेचा असतो आणि टाकीच्या आत, पेट्रोलमध्येच बुडालेला असतो. तो ओढत नाही, ढकलतो, तोही वातावरणाच्या दाबाच्या साधारण तिप्पट दाबानं. त्या दाबाखाली पेट्रोल सहजी उकळत नाही. ओला पंचा इतिहासजमा झाला तो एवढ्या एका बदलानं.

ब्रेकचंही तसंच. फियाटच्या चारही चाकांना ड्रम होते. लांब उतारावर ते तापत आणि पाय खोल जाई. पाण्यातून गेलं की पुढचे काही मीटर देवाच्या भरवशावर. एअरबॅग नव्हती, दारात आडवा पोलादी दांडा नव्हता. आज आदिलाबादजवळून जाणारा महामार्ग ४४ चौपदरी आहे आणि त्यावर श्रीनगर ते कन्याकुमारीची अवजड वाहतूक धावते. त्या रस्त्यावर मी माझ्या मुलीला जुन्या पद्मिनीत बसवणार नाही.

आणि कायदाही सहजी बसवू देत नाही. केंद्राच्या २०२१ च्या नियमांनुसार पन्नास वर्षांहून जुनी, मूळ रूपात जपलेली गाडी ‘विंटेज’ म्हणून ‘व्हीए’ अक्षरांच्या खास मालिकेत नोंदवता येते, पण ती रोज रस्त्यावर काढता येत नाही. प्रदर्शन, रॅली, दुरुस्ती अशा कारणांपुरतीच काढता येते. मुंबईत टॅक्सीचं वय वीस वर्षं ठरलेलं असल्यानं २९ ऑक्टोबर २००३ रोजी ताडदेव आरटीओत नोंदलेली शेवटची पद्मिनी टॅक्सी २०२३ च्या ऑक्टोबरअखेर थांबली. त्यात आता पेट्रोलमध्ये वीस टक्के इथेनॉल आलं आहे. जुन्या पंपाचा रबरी पडदा, नळ्या आणि वॉशर त्यासाठी घडवलेलेच नव्हते. तेव्हा जुनी गाडी जपायची ती जपण्यासाठीच. रोज चालवायची असेल तर नवी घडवायला हवी.

नवी घडवणं म्हणजे काय, हे निसाननं १९९१ मध्ये दाखवलं. ‘फिगारो’ नावाची छोटी, उघडत्या छताची गाडी: बाहेरून पन्नाशीच्या दशकातली वाटावी अशी, आतून त्या वेळच्या मायक्राची, ९८७ सीसीचं टर्बो इंजिन, ऑटोमॅटिक गिअर, वातानुकूलन. आठ हजारच काढायच्या ठरवल्या होत्या, मागणी इतकी की वीस हजार काढाव्या लागल्या आणि घेणाऱ्यांची नावं सोडत काढून ठरवावी लागली. मग २००१ मध्ये बीएमडब्ल्यूची मिनी आली. ४ जुलै २००७ रोजी, मूळ ‘नुओवा ५००’ ला बरोबर पन्नास वर्षं झाली त्या दिवशी, फियाटनं नवी ५०० आणली. ती भारतातही आली होती, पण बाहेरून आयात होऊन, पंधरा लाखांच्या घरात. ज्या देशानं अर्धशतक फियाट रोज चालवली त्याच्या वाट्याला ती शोभेची वस्तू म्हणून आली.

या सगळ्यांचं माप पाहिलं की एक गोष्ट खुपते. मूळ मिनी १ मीटर ४१ रुंद होती, बीएमडब्ल्यूची पहिलीच १ मीटर ६९ झाली. मूळ ५०० ची रुंदी १ मीटर ३२, नवीची १ मीटर ६३. नवी रेनॉ ५ लांबीला पद्मिनीइतकी, पण रुंदीला १ मीटर ७७. म्हणजे पद्मिनीहून एक फूट जास्त. यात नुसती हौस नाही. बाजूनं धडक बसली तर दार आणि माणूस यांच्यामध्ये जागा लागते, दांडे लागतात, खांबात एअरबॅग मावावी लागते. चेहरा जुना ठेवता येतो. अंगलट जुनी ठेवणं अवघड आहे. तरी अशक्य नाही. आपल्या रस्त्यांवर दिसणारी एमजी कॉमेट २ मीटर ९७ लांब आणि १ मीटर ५१ रुंद आहे. १९५७ ची नुओवा ५०० हीसुद्धा २ मीटर ९७ चीच होती. अरुंद गाडी आजही बनते, याचा हा धडधडीत पुरावा.

महाराष्ट्रात हा प्रयोग दुचाकीवर यशस्वी झाला आहे. बजाजची चेतक १९७२ ची, २००९ च्या सुमारास स्कूटरच बंद झाल्या आणि १४ जानेवारी २०२० रोजी चेतक विजेवर परतली, पत्र्याचं अंग कायम ठेवून. आदिलाबादच्या बाजारात ती पाहून म्हातारी माणसं थांबतात, हात लावून पत्रा वाजवतात. टाटांची १९९१ ची सिएरा २५ नोव्हेंबर २०२५ ला परत आली, मागच्या त्या प्रसिद्ध वळणदार काचेची आठवण राखून. पण ती सव्वाचार मीटरहून लांब, साडेअकरा लाखांपासून पुढची गाडी. छोट्या गाडीची जागा रिकामीच आहे. इचलकरंजीच्या शंकरराव कुलकर्णींनी स्वातंत्र्याच्या आगेमागे ‘मीरा’ ही छोटी गाडी घडवायला घेतली आणि पुढची कित्येक वर्षं ती सुधारत नेली. बाजारात ती कधी आली नाही. तिची आठवण मला इथं आल्यावाचून राहत नाही.

माझ्या मनातली गाडी अशी: पद्मिनीची लांबी, रुंदीला फार तर १ मीटर ५५, उंच छत, मोठ्या काचा. काळ्या रेगडीच्या चिखलातून, पाणंदीतून जाण्याइतकी जमिनीपासून उंच. चालायला वीज. आमचं रोजचं येणंजाणं मोठं नाही. पांढरकवडा, किनवट, निर्मल ही सगळी एका चार्जिंगमध्ये जाऊन येण्याजोगी गावं. उन्हाळ्यासाठी मात्र बॅटरीला पाण्यानं गार ठेवणारी यंत्रणा हवी, नुसत्या वाऱ्यावर ४५ अंशांत भागणार नाही. तेलंगणानं नोव्हेंबर २०२४ पासून विजेच्या गाड्यांना रोड टॅक्स आणि नोंदणी शुल्क माफ केलं आहे, ते ३१ डिसेंबर २०२६ पर्यंत. जीएसटीही पाचच टक्के. वीज परवडत नसेल तर पेट्रोलची चालेल, पण एअरबॅग, डिस्क ब्रेक आणि घसरताना गाडी सावरणारी यंत्रणा यांत काटकसर नको.

हे सगळं मी मिस्त्रींना सांगितलं. ते टेप गुंडाळत ऐकत होते. मग पद्मिनीच्या इंजिनला चिकटलेल्या पंपाकडे बोट करून त्यांनी विचारलं, “पेट्रोलची काढली, तं पंप कुठं राहीन तिचा?”

“टाकीच्या आत.”

“मंग पंप गेला, तं पुरी टाकी उतरवा लागन.” ते मागचं दार उघडून आत वाकले, सीटचा गादीचा भाग उचलून बाजूला ठेवला आणि खालच्या पत्र्यावर खडूनं वीतभर चौकोन काढला. “इथं झाकण ठेवाले सांगा, भाऊ. चार स्क्रूचं. मंग घाटात बंद पडली तरी कोणी बी करून देईन.”

मी वहीत त्या चौकोनाचं माप लिहून घेतलं.