भागावे, पण कशाने?

धामणगाव बढे येथे तिघांनी भागीदारीत कापसाचा व्यापार केला, असे समजू. श्रम व मुदत सारखी. भांडवल मात्र २०, ३० व ५० हजार रुपये. नफा १५ हजार. नवशिके मूल ३ने भागून प्रत्येकास ५ हजार देईल. भागाकार बिनचूक, वाटणी अन्यायाची. नफ्यास एकूण भांडवलाने, म्हणजे १ लाखाने भागावे; रुपयामागे १५ पैसे येतात. वाटे होतात ३,०००, ४,५०० व ७,५०० रुपये.

नवव्या शतकात, राष्ट्रकूट सम्राट अमोघवर्षाच्या काळी, जैन गणिती महावीराचार्यांनी ‘गणितसारसंग्रहा’त ही प्रमाणशीर वाटणी ‘प्रक्षेपक-कुट्टीकार’ या नावाने सांगितली.

भागाकाराची रीत शाळा शिकवते. कशाने भागावे, हा विवेक घरातील वडीलधाऱ्यांनी द्यावा. भागीदारी त्यावरच टिकते.