बारा वर्षांचे मुंबईकर : वॉल्टर कॉफमन

मागे तंबोऱ्याचा षड्ज, त्यावर व्हायोलिन आणि शिवरंजनीचा कोमल गंधार. आकाशवाणीची ही संकेतधून राजूरच्या बाजारपेठेत ऐकू आली तशीच प्रवरेच्या काठाने वर भंडारदऱ्यापर्यंत घरोघर ऐकू आली. तिच्या रचनेचे श्रेय सर्वसाधारणपणे ज्यांना दिले जाते, त्या वॉल्टर कॉफमन यांचे नाव मात्र फारसे कोणाला ठाऊक नाही.

कॉफमन १ एप्रिल १९०७ रोजी कार्ल्सबादला जन्मले. गाव आजच्या चेक प्रजासत्ताकातले, घर जर्मनभाषक ज्यूंचे. बर्लिनला फ्रान्झ श्रेकर यांच्याकडे ते संगीतरचना शिकले. प्रागच्या जर्मन विद्यापीठासाठी त्यांनी माहलरवर प्रबंध लिहिला. पण मार्गदर्शक नाझी गोटातला आहे हे कळताच डॉक्टरेट घ्यायला ठाम नकार दिला. मला त्यांची खरी ओळख इथे पटते.

१९३४ च्या फेब्रुवारीत ते मुंबईत उतरले. मेमध्ये बॉम्बे चेंबर म्युझिक सोसायटी उभी केली. स्वतः पियानोवर, व्हायोलिनवर मेहली मेहता. पुढे जगभर गाजलेल्या झुबिन मेहतांचे वडील. १९३७ ते १९४६ मुंबई रेडिओवर पाश्चात्त्य संगीताचा विभाग कॉफमन यांच्याकडे होता. जर्मनीत चित्रपटतंत्र शिकून आलेल्या मोहन भवनानींच्या चित्रपटांना आणि युद्धकाळात इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडियाच्या माहितीपटांना त्यांनी संगीत दिले. पार्श्वसंगीत करणाऱ्याच्या वाट्याला जे येते तेच त्यांच्याही आले. गाणी लोकांच्या ओठी राहतात. प्रसंगाला उचलून धरणारे संगीत चित्रपटाबरोबर विरून जाते.

येण्याआधी भारतीय संगीताच्या तबकड्या त्यांनी ऐकल्या होत्या. काहीच उमगले नव्हते. पण लाखो लोक ज्यावर जीव टाकतात ते संगीत निरर्थक कसे असेल, उणीव आपल्याच कानात आहे, असा त्यांनी निष्कर्ष काढला आणि ते थेट इथे शिकायला आले. त्या काळच्या युरोपीय विद्वानात हा नम्रपणा दुर्मीळच. पुढे कॅनडात विनिपेग सिम्फनीचे संचालन आणि अमेरिकेत इंडियाना विद्यापीठात अध्यापन करतानाही हा अभ्यास सुटला नाही. १९६८ मध्ये उत्तर भारतीय रागांवरचा त्यांचा जाडजूड ग्रंथ आला. ९ सप्टेंबर १९८४ रोजी ते गेले. त्यांच्या चेंबर रचनांची ध्वनिमुद्रिका टोरांटोच्या एआरसी आँसाँब्लने २०२० मध्ये काढली.

मला मात्र त्यांचे दुसरे काम अधिक मोलाचे वाटते. गोंड आणि बैगांची गाणी ऐकून त्यांनी ती स्वरलिपीत उतरवली, बस्तरच्या माडिया-मुरियांच्या वाद्यांवर लिहिले. वाद्य कशाचे, वाजते कसे, स्वर कोणते, सगळे तपशिलाने.

अशी नोंद व्हावी असे आपल्या अकोले तालुक्यातही आहे. ठाकरांचा कांबडनाच आहे, बोहाडा या सोंगांच्या उत्सवातला संबळ आहे. प्रत्येक सोंगाबरोबर त्याची चाल बदलते. आज ध्वनिमुद्रणाचे यंत्र प्रत्येकाच्या खिशात आहे. राजूरच्या शिक्षकांना आणि महाविद्यालयीन मुलांना माझी कळकळीची विनंती : या बोहाड्यात संबळ शेवटपर्यंत मुद्रित करा आणि त्यासोबत वाजवणाऱ्याचे नाव, गाव व तारीख न विसरता लिहून ठेवा.