कापसाच्या शिवारातला कॅमेरा

यवतमाळ जिल्ह्यातल्या कापसाच्या शिवारात सिनेमाचा कॅमेरा फार उशिरा पोहोचला. महागाव तालुक्यातल्या चिलगव्हाणचे शेतकरी साहेबराव करपे यांनी १९ मार्च १९८६ रोजी पत्नी आणि चार मुलांसह जीवन संपवले. पुढची वीस वर्षे शेतकरी आत्महत्यांच्या या दुःखाला पडद्यावर जवळपास जागाच नव्हती. २००२ मध्ये जनुकीय बदल केलेला बीटी कापूस आला. जुलै २००६ मध्ये विदर्भातल्या सहा जिल्ह्यांसाठी ३,७५० कोटींचे पंतप्रधान पॅकेज जाहीर झाले आणि वृत्तवाहिन्यांच्या गाड्या गावोगाव फिरू लागल्या. हार घातलेला फोटो आणि त्याशेजारी बसलेली बाई, बहुतेकदा एवढेच दृश्य घेऊन त्या परतल्या. शेतकरी जिवंतपणी कसा झुंजतो, हे त्यांत क्वचितच दिसले.

ते आधी दाखवले कथापटाने. सतीश मनवर यांचा ‘गाभ्रीचा पाऊस’ २००९ चा. छायालेखन सुधीर पलसाने यांचे. शेजाऱ्याने आत्महत्या केल्यावर अलकाला नवऱ्याची, किस्नाची, काळजी वाटू लागते. त्याला एकटे सोडायचे नाही म्हणून ती लहानग्या मुलाला, दिनूला, त्याच्या मागावर ठेवते. पेरणी, पावसाची दडी, दुबार पेरणी हे सारे या पाळतीच्या धाग्यावर उभे आहे. ‘वळू’ आणि ‘विहीर’ या चित्रपटांचे छायालेखकही पलसानेच. गावाकडे परक्याच्या कुतूहलाने न पाहणारी त्यांची नजर या कथेला नेमकी मानवली.

माहितीपटाच्या छायालेखकाला मात्र रिटेक नसतो. जूनची पेरणी हुकली की वर्ष गेले. मिखा पेलेड यांचा ‘बिटर सीड्स’ (२०११) तेलंग टाकळी या गावात एका हंगामाबरोबर चालतो. बियाणे, सावकार, बोंडअळी यांच्या मधोमध एक तरुण मुलगी आहे. तिच्या वडिलांनी आत्महत्या केली आहे, तिला पत्रकार व्हायचे आहे, आणि गावाला प्रश्न तीच विचारते. कॅमेरा देवेंद्र गोलतकर यांचा. चार वर्षांनी त्यांनी जयप्रद देसाई यांच्या ‘नागरिक’चे छायालेखन केले, तिथेही केंद्रस्थानी पत्रकारच होता. माहितीपटातून कथापटात गेलेल्या या कारकिर्दीची मराठीत फार कमी दखल घेतली जाते, ही खेदाची गोष्ट आहे. परीक्षणे दिग्दर्शक आणि नटांवरच थांबतात. उन्हातान्हात शेताच्या बांधावर महिनोन्महिने उभे राहणाऱ्याला श्रेयनामावलीतली एक ओळ मिळते.

२०११ च्या राष्ट्रीय पुरस्कारांत नंदन सक्सेना आणि कविता बहल यांचा याच विषयावरचा ‘कॉटन फॉर माय श्राउड’ सर्वोत्कृष्ट शोधपर माहितीपट ठरला. पुढे हा ओघ आटला. २०१७ मध्ये फवारणीच्या विषबाधेने यवतमाळात वीसहून अधिक शेतकरी-शेतमजूर दगावले. त्या खरिपाच्या वाट्याला आल्या त्या मुख्यतः बातम्यांतल्या तुटक चित्रफिती. एवढ्या मोठ्या घाताचा हंगामभर माग काढणारा कॅमेरा तिथे असायला हवा होता.

दरम्यान, शेतकऱ्यांच्या विधवा स्वतःच रंगमंचावर उभ्या राहिल्या होत्या. हरीश इथापे दिग्दर्शित ‘तेरवं’ नाटकात काम करणाऱ्या वैशाली येडे यांनी जानेवारी २०१९ मध्ये यवतमाळच्या ९२ व्या साहित्य संमेलनाचे उद्घाटन केले. इथापे यांचा ‘तेरवं’ चित्रपट २०२४ मध्ये पडद्यावर आला.