जुलाबात नुसते पाणी का पुरत नाही?

पनवेल : पावसाळ्यात जुलाबाचे रुग्ण वाढतात. अशा वेळी नुसते पाणी का पुरत नाही?

अन्न, पाणी आणि पाचकरस मिळून रोज सुमारे ९ लिटर द्रव लहान आतड्यात येतो. पोषकद्रव्यांसोबत त्यातील बहुतांश पाणी तिथेच शोषले जाते. उरलेले मोठे आतडे शोषते. शौचावाटे जेमतेम १००-२०० मिली जाते. जुलाबात हा हिशेब बिघडतो. मात्र ग्लुकोज आणि सोडियम जोडीने आत घेणारी लहान आतड्यातील यंत्रणा बहुधा शाबूत असते. त्या जोडीमागे पाणीही शोषले जाते. ओआरएसचे काम हेच.

१९७१ मध्ये पश्चिम बंगालमधील बनगावच्या निर्वासित छावणीत डॉ. दिलीप महालनाबिस यांनी ते वापरले. कॉलऱ्याचे मृत्यू सुमारे ३० वरून ४ टक्क्यांखाली आले.

पाकिटावर लिहिलेल्या प्रमाणातच ओआरएस बनवा, घोटघोट पाजा. बाळ सुस्त झाले किंवा लघवी कमी झाली, तर लगेच डॉक्टरांकडे न्या.