शंभर मीटरच्या आतलं शहाळं

परळच्या केईएमच्या दिशेने चालायला लागलात की हॉस्पिटलच्या आधी दिसतात शहाळी. मग सफरचंदं, इडलीचं पातेलं, चटया, प्लॅस्टिकचे मग, थर्मास आणि अर्थातच वडापाव. पेशंट अॅडमिट झाला की नातेवाइकांच्या हातात जी सामानाची यादी पडते, ती जवळपास अख्खी इथे फूटपाथवरच मिळते. एकदम सोयीचं आहे, बॉस! फक्त कायद्याच्या हिशेबाने यातलं काहीच तिथे असायला नको.

कारण ९ डिसेंबर २००३. मुंबईच्या फेरीवाल्यांच्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने त्या दिवशी अटी घातल्या. हॉस्पिटल, शाळा-कॉलेज आणि प्रार्थनास्थळांपासून १०० मीटरच्या आत धंदा नाही, स्टेशन आणि मंडईपासून १५० मीटरच्या आत नाही. वेळ सकाळी ७ ते रात्री १०, जागा एक मीटर बाय एक मीटर. अॅम्ब्युलन्सच्या वाटेत हातगाडी नको, यावर कोणाचं दुमत असेल असं मला वाटत नाही.

पण १०० मीटर म्हणजे किती? मी चालून पाहिलं, साधारण १३० पावलं. ती गेटपासून मोजलेली. कंपाउंडच्या भिंतीपासून मोजलं तर वर्तुळ आणखी फुगतं. त्यात केईएमच्या शेजारी वाडिया आणि पलीकडे टाटा. तिन्हींभोवती वर्तुळं काढा, ती एकमेकांत शिरतात. मग हा माणूस जाणार कुठे? आणि टाटाच्या बाहेर फूटपाथवरच मुक्काम ठोकून केमोच्या तारखेची वाट बघणारं गावाकडचं कुटुंब जेवणार काय?

परवान्याचा फंडा तर आणखी भारी. १८८८ च्या महापालिका कायद्यात रस्त्यावर विकायला परवाना लागतो आणि तो नसेल तर माल नोटीस न देता उचलता येतो. या मुद्द्यावर फेरीवाले सुप्रीम कोर्टात गेले ते १९८५ च्याही आधी. त्या वर्षीचा निकाल सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या पीठाचा. धंदा करायचा हक्क मान्य, पण वाट्टेल तिथे नाही, असा त्याचा सूर. त्यानंतर २०१४ मध्ये फेरीवाल्यांचा स्वतंत्र केंद्रीय कायदा आला. आधी सर्व्हे करा, प्रमाणपत्रं द्या, तोवर कोणाला हटवू नका, असं तो सांगतो. पालिकेने त्याच वर्षी सर्व्हे केला. सुमारे ९९ हजार अर्ज आले. शहर फेरीवाला समितीसाठी मतदान झालं ते थेट ऑगस्ट २०२४ मध्ये, आणि मतदार यादीत नावं होती जेमतेम ३२ हजार.

दरम्यान सप्टेंबर २०१७ मध्ये एल्फिन्स्टन रोडच्या पुलावर चेंगराचेंगरी झाली. साधारण महिन्याभराने, १ नोव्हेंबरला, मुंबई हायकोर्टाने १०० आणि १५० मीटरची बंदी कायम असल्याचं बजावलं. म्हणजे एक कायदा म्हणतो हटवू नका, दुसरा निकाल म्हणतो इथे बसू देऊ नका. या दोन्हींच्या मधल्या फटीत शहाळंवाला कोयता घेऊन उभा.

मला यातली सगळ्यात गंमतीची गोष्ट वेगळीच वाटते. केईएम चालवते महापालिका. गिऱ्हाईक तिच्याच वॉर्डातून येतं आणि गाडी उचलायला व्हॅनही तिचीच येते. अपघात विभागाच्या गेटसमोरचा रस्ता कडकपणे मोकळा ठेवावा, पण मागच्या भिंतीलगत आखून दिलेल्या चौकोनात फळं आणि शहाळी विकायला काय हरकत आहे? जागा ठरवायचा आराखडा करायचं काम २०१४ च्या कायद्याने पालिकेवर आणि त्या समितीवरच टाकलंय. हॉस्पिटलच्या भिंतीबाबतचा निर्णय मात्र त्यांना कोर्टाकडून मागून घ्यावा लागेल.