छताखालचं मैदान

नवी मुंबईत, शिरवणे गावाच्या शेजारी, नेरूळला, २००८ पासून डी. वाय. पाटील स्टेडियम उभं आहे. पण ते उघडं. २६ ऑक्टोबर २०२५ रोजी तिथली भारत-बांगलादेश महिला क्रिकेट लढत पावसानं वाहून गेली, पुढच्याच रविवारी विश्वचषकाचा अंतिम सामनाही उशिरा सुरू झाला. उलट वरळीचं सरदार वल्लभभाई पटेल बंदिस्त स्टेडियम, म्हणजे आजचं 'एनएससीआय डोम', १९५७ पासून बारमाही चालतं. प्रो कबड्डीचा पहिला सामना तिथं झाला तो २६ जुलै २०१४ला, ऐन पावसाळ्यात.

नवी मुंबईतही असं बंदिस्त स्टेडियम हवं. त्यावर आक्षेप असा, की मैफली, लग्नसमारंभ आणि प्रदर्शनांच्या भाऊगर्दीत खेळ मागे पडतो. आक्षेप खरा आहे, पण दोष वेळापत्रकाचा, इमारतीचा नव्हे. पुरुष कबड्डीला १३ बाय १० मीटरची मॅट लागते. ती तुकडे जोडून केलेली असते, ते सुटे करून तिथंच दुसरा कार्यक्रम लावता येतो. २०२०मध्ये वरळीच्या याच डोममध्ये आणि वाशीच्या सिडको प्रदर्शन केंद्रात करोना रुग्णांसाठी खाटा लागल्या, त्या मधे खांब नसलेल्या प्रशस्त, छताखालच्या जागेमुळेच. नवी मुंबईनं असं सभागृह बांधावंच; मात्र सकाळ-संध्याकाळचे तास स्थानिक खेळाडूंसाठी नियमानंच राखून ठेवावेत.