सेकंड हॅण्ड सेडान घेताय? आधी पासिंग बघा, मग पत्रा, मग किंमत

डहाणू/तलासरी : अच्छाड ओलांडलं की गुजरात, उधव्याकडून पुढे गेलं की दादरा-नगर हवेली. त्यामुळे आपल्या दोन्ही तालुक्यांत जुनी गाडी घ्यायची म्हटली की माणूस वसई-ठाण्याला जाण्याआधी वापी, भिलाड, सिल्वासा, दमणकडे चक्कर मारतो. तिथे गाड्या भरपूर आणि भावही कमी. तीच होंडा सिटी किंवा सियाझ मुंबईपेक्षा स्वस्त दिसते, मग मोह होतोच.

पण यार्डात सांगितलेला भाव आणि गाडी तुमच्या नावावर होईपर्यंत लागणारा एकूण खर्च या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. सीमेपलीकडची गाडी असेल तर हा फरक आणखी वाढतो. म्हणून टोकन देण्याआधी काय काय बघायचं, ते इथे एकत्र देत आहोत.

कोणत्या गाड्या मिळतात?

मधल्या आकाराची सेडान म्हणजे डिझायर-अमेझपेक्षा मोठी, डिकीवाली, पाच माणसांची गाडी. जुन्या बाजारात या गाड्या जास्त दिसतात :

• मारुती सियाझ : ऑक्टोबर २०१४ मध्ये आली, २०२५ मध्ये बंद झाली. सुरुवातीला १३७३ सीसी पेट्रोल आणि १२४८ सीसी डिझेल. ऑगस्ट २०१८ नंतर १४६२ सीसी पेट्रोल, ताकद सुमारे १०५ पीएस. डिकी ५१० लिटर, ग्राउंड क्लिअरन्स १७० मिमी. मागच्या सीटवर पाय ठेवायला भरपूर जागा.

• होंडा सिटी, २०१४ चं मॉडेल : १४९७ सीसी पेट्रोल, ११९ पीएस. डिझेल १४९८ सीसी, १०० पीएस. डिकी ५१० लिटर, ग्राउंड क्लिअरन्स १६५ मिमी. जुलै २०२० मध्ये नवं मॉडेल आलं.

• ह्युंदाई व्हर्ना, २०१७ चं मॉडेल : १.६ लिटर पेट्रोल १२३ पीएस, डिझेल १२८ पीएस. हायवेवर दमदार. डिकी ४८० लिटर, म्हणजे वरच्या दोघींपेक्षा थोडी लहान.

• फोक्सवॅगन व्हेंटो, स्कोडा रॅपिड : पत्रा जड, हायवेवर गाडी घट्ट बसते. मात्र पार्ट आणि दुरुस्ती महाग. त्यातल्या डीएसजी ऑटोमॅटिक गिअरचं काम निघालं तर बजेट कोलमडतं.

शेवरोले आणि फोर्डच्या गाड्या खूपच स्वस्त मिळतात. त्यामागचं कारण समजून घ्या. शेवरोलेने २०१७ च्या अखेरीस भारतात विक्री थांबवली, फोर्डने सप्टेंबर २०२१ मध्ये इथलं उत्पादन बंद करण्याचं जाहीर केलं. आज गाडी चालेल, उद्या एखादा सेन्सर गेला तर पार्टसाठी किती दिवस थांबायचं, हा प्रश्न आहे. कोणतीही गाडी घ्या, तिचं जवळचं सर्व्हिस सेंटर कुठे आहे आणि गावातला मेकॅनिक तिला हात लावतो का, हे आधी विचारा.

आपला रस्ता गाडीला झेपेल का?

१६५ किंवा १७० मिमी ग्राउंड क्लिअरन्स हा रिकाम्या गाडीचा आकडा आहे. आत पाच माणसं बसली, डिकीत सामान किंवा सीएनजीची टाकी आली की गाडी खाली बसते. हायवेला काही वाटत नाही, पण पाड्यावरचा उंच स्पीड ब्रेकर किंवा पावसात उखडलेला रस्ता आला की गाडी खालून घासते. घरापर्यंतचा शेवटचा एक-दीड किलोमीटर कच्चा असेल तर सेडान घेण्याआधी दोनदा विचार करा. शक्य असेल तर टेस्ट ड्राइव्हला घरची चार माणसं बसवून तशाच रस्त्यावर गाडी न्या. दहा मिनिटांत कळतं.

पेट्रोल, डिझेल की सीएनजी?

रोज वापीला कामाला जाणारा असेल, महिन्याला दीड-दोन हजार किलोमीटरपेक्षा जास्त फिरणं असेल, तरच डिझेलचा विचार करा. लग्न, बाजार, दवाखाना एवढ्यापुरती गाडी हवी असेल तर पेट्रोल बरी. जुन्या डिझेलचे इंजेक्टर, टर्बो, क्लच यांचं काम निघालं तर दोन-तीन वर्षांची इंधनाची बचत एका बिलात जाते. १ एप्रिल २०२० पासून बीएस-६ नियम लागू झाला. त्यानंतरच्या डिझेल गाड्यांच्या धुराच्या फिल्टरला अधूनमधून हायवेवर लांब पल्ल्याला चालवणं लागतं. फक्त गावात फिरवली की तो चोक होतो.

बाहेरून सीएनजी किट बसवलेली गाडी असेल तर आरसीवर इंधनाच्या रकान्यात सीएनजी लिहिलेलं आहे का बघा. नसेल तर अपघातानंतर विमा कंपनी हात वर करू शकते. टाकीची दर तीन वर्षांनी हायड्रो टेस्ट करावी लागते, तिचं सर्टिफिकेट मागा.

"दहा वर्षांची डिझेल भंगारात जाते" असं बरेच जण सांगतात. तो नियम दिल्ली आणि आसपासच्या परिसराचा आहे, महाराष्ट्राचा नाही. म्हणूनच दिल्ली पासिंगच्या डिझेल गाड्या देशभर स्वस्तात विकायला येतात. आपल्याकडे खासगी गाडीची नोंदणी १५ वर्षांची असते. त्यानंतर तपासणी करून, ग्रीन टॅक्स भरून पाच-पाच वर्षांसाठी वाढवून मिळते. म्हणजे १३ वर्षांची गाडी घेतली तर दोन वर्षांत हा खर्च तुमच्याकडे आलाच.

खारा वारा आणि पुराचं पाणी

डहाणू, नरपड, बोर्डी, चिंचणी या किनारपट्टीवर राहिलेल्या गाडीचा वरचा रंग चकचकीत असतो, पण गंज आतून लागतो. दमणच्या गाड्यांचंही तेच. डिकीतलं मॅट उचला, स्टेपनी काढा, तिच्या खालचा पत्रा बघा. दरवाजाच्या खालची कड, सायलेन्सर, सस्पेन्शन जिथे बॉडीला बसतं ती जागा टॉर्च मारून तपासा. खालून नुकताच काळा रंग मारलेला दिसला तर खूश होऊ नका. तो कशावर मारलाय ते विचारा.

दुसरी भीती पुरात बुडालेल्या गाडीची. ऑगस्ट २०२४ मध्ये वडोदऱ्याला विश्वामित्री नदीचा पूर आला, त्याआधी जुलै २०१८ मध्ये वसई-विरार पाण्यात होतं. पुरात बुडालेली गाडी साफसूफ करून पुन्हा बाजारात येते आणि आपला हायवे याच दोन शहरांना जोडतो. ओळखायची सोपी पद्धत अशी : सीटबेल्ट पूर्ण शेवटपर्यंत ओढा. आत राहिलेल्या भागावर चिखलाचा डाग किंवा रेघ दिसते. सीटच्या खालचे रूळ गंजलेत का, फ्यूज बॉक्समध्ये माती आहे का, हेडलाइटच्या आत वाफ धरते का, हे बघा. आत अत्तराचा फार वास मारत असेल तर काच बंद करून एसी चालू करा, ओलसर वास लपत नाही.

इंजिन थंड असताना जा

गाडी बघायला सकाळी जा आणि येतोय म्हणून आधी सांगा, पण "गाडी चालू करून ठेवू नका" हेही सांगा. पोहोचल्यावर बोनेटला हात लावून बघा. गरम लागलं तर समजा थंड स्टार्टची अडचण लपवलीय.

• चालू करताना निळा धूर म्हणजे इंजिन ऑइल जळतंय. गरम झाल्यावरही पांढरा धूर येत राहिला तर कूलंट आत जात असावं. डिझेलचा दाट काळा धूर म्हणजे इंजेक्टर किंवा टर्बोकडे बघा.
• ऑइलचं झाकण उघडा. आत दुधाळ साय दिसली तर गाडी तिथेच सोडा.
• टायरवर चार आकडी नंबर असतो. २३१९ म्हणजे २०१९ च्या तेविसाव्या आठवड्यात बनलेला टायर. मीटरवर तीस हजार किलोमीटर आणि चारही टायर बदललेले, असं असेल तर मीटर मागे फिरवल्याची शंका घ्या.
• ब्रेक-क्लचच्या पेडलचं रबर, स्टिअरिंगची झीज, ड्रायव्हरची सीट हे खोटं बोलत नाहीत. सर्व्हिस सेंटरला गाडीचा नंबर देऊन शेवटच्या नोंदीतलं किलोमीटर विचारा.
• होंडाने टकाटा कंपनीच्या एअरबॅग आणि इंधन पंप यांसाठी भारतात बऱ्याच गाड्या परत बोलावल्या होत्या. सिटी घेत असाल तर चासी नंबर देऊन हे काम झालंय का ते कंपनीकडून तपासा. बाकी असेल तर ते फुकट होतं.

मागच्या सीटबेल्टकडे कोणी बघत नाही. ४ सप्टेंबर २०२२ ला चारोटीजवळ सूर्या नदीच्या पुलावर सायरस मिस्त्री यांच्या गाडीला अपघात झाला. गाडी महागडी होती, पण मागे बसलेल्या दोघांनी बेल्ट लावले नव्हते आणि ते दोघेच गेले. जुन्या गाडीत मागचे बेल्ट सीटखाली दाबलेले असतात. काढा, लावून बघा. ड्रायव्हर एअरबॅग १ जुलै २०१९ पासून सगळ्या नव्या कारना सक्तीची झाली, त्याआधीच्या गाडीत काय आहे ते मॉडेलप्रमाणे विचारा. इग्निशन चालू केल्यावर एअरबॅगचा दिवा लागून विझला पाहिजे. तो लागतच नसेल तर बल्ब काढलेला असू शकतो.

जीजे, डीएन पासिंगचा खरा हिशेब

आता मुख्य गोष्ट. महाराष्ट्रात खासगी पेट्रोल कारला किमतीप्रमाणे ११ ते १३ टक्के रोड टॅक्स लागतो, डिझेलला १३ ते १५ टक्के. गुजरातमध्ये तो साधारण ६ टक्के आहे, दादरा-नगर हवेली आणि दमणमध्येही महाराष्ट्रापेक्षा कमी. दहा लाखांच्या पेट्रोल कारला आपल्याकडे एक लाख दहा हजार, तिकडे साठ हजार. गाडी स्वस्त मिळते त्याचं एक कारण हे.

पण कायद्याप्रमाणे दुसऱ्या राज्याची गाडी आपल्या राज्यात १२ महिन्यांपेक्षा जास्त ठेवली तर इथला नंबर घ्यावा लागतो. त्यासाठी मूळ आरटीओची एनओसी म्हणजे फॉर्म २८ लागतो आणि गाडीचं वय व किंमत बघून महाराष्ट्राचा टॅक्स भरावा लागतो. तिकडे भरलेल्या टॅक्सचा उरलेला भाग परत मागायची सोय आहे, पण त्या पैशावर हिशेब मांडू नका. टोकन देण्याआधी आरटीओत किंवा माहितगार एजंटकडे त्या गाडीची टॅक्सची रक्कम काढून घ्या. ती भावात मिळवा आणि मग एमएच ४८ पासिंगच्या गाडीशी तुलना करा. बऱ्याच वेळा फरक उरत नाही.

वापी-सिल्वासाच्या बऱ्याच गाड्या कंपनीच्या नावावर असतात. तिथे कंपनीच्या लेटरहेडवर, अधिकार असलेल्या माणसाची सही लागते. नुसती ड्रायव्हरने आणून दिलेली चावी उपयोगाची नाही.

नाव बदललं नाही तर?

"सही करून कोरे फॉर्म देतो, सवडीने नावावर करा." हे वाक्य ऐकलं की सावध व्हा. मोटार वाहन कायद्याच्या कलम ५० प्रमाणे विकणाऱ्याने राज्यातल्या राज्यात १४ दिवसांत, दुसऱ्या राज्यात विकली तर ४५ दिवसांत आरटीओला कळवायचं असतं आणि घेणाऱ्याने ३० दिवसांत. त्यासाठी फॉर्म २९ आणि ३० लागतात. गाडीवर कर्ज असेल तर बँकेची एनओसी आणि फॉर्म ३५.

विकणाऱ्यालाही यात धोका आहे. फेब्रुवारी २०१८ मध्ये सुप्रीम कोर्टाने नवीन कुमार विरुद्ध विजय कुमार या खटल्यात निकाल दिला. गाडी एकाकडून दुसऱ्याकडे अशी अनेक हात फिरली होती, पण आरसीवर नाव पहिल्याचंच होतं. अपघाताच्या भरपाईसाठी कोर्टाने नोंदणीवरच्या त्या मालकालाच जबाबदार धरलं. म्हणून तुमची जुनी गाडी विकत असाल तरी ट्रान्सफर झाल्याशिवाय निर्धास्त होऊ नका.

विम्याचंही तसंच. थर्ड पार्टी विमा गाडीबरोबर येतो, तरी १४ दिवसांत तो आपल्या नावावर करायला अर्ज द्या. नो क्लेम बोनस मालकाचा असतो, गाडीचा नाही. विम्यावर जुनं नाव राहिलं तर तुमच्या गाडीच्या नुकसानीचा क्लेम अडकतो.

यार्डवाल्याकडून घेत असाल तर त्याच्याकडे आरटीओचं अधिकृत डीलरचं प्रमाणपत्र आहे का विचारा. १ एप्रिल २०२३ पासून हा नियम आहे.

टोकन देण्याआधी

१. एमपरिवहन ॲपवर नंबर टाकून मालकाचं नाव, कितवा मालक, कर्ज, विमा, फिटनेसची तारीख बघा.
२. ई-चलन तपासा. थकलेला दंड विकणाऱ्याकडून भरून घ्या.
३. आरसीवरचा चासी आणि इंजिन नंबर गाडीवर कोरलेल्या नंबराशी एकेक अक्षर लावून बघा.
४. १ एप्रिल २०१९ आधीच्या गाडीला हाय सिक्युरिटी नंबर प्लेट बसलीय का बघा.
५. आधी टॅक्सी म्हणून चाललेली गाडी पांढऱ्या प्लेटवर आणलीय का, ते आरसीच्या जुन्या नोंदीत विचारा.
६. ओळखीचा मेकॅनिक बरोबर न्या. त्याची दिवसाची मजुरी द्या, ती वाया जात नाही.

पैसे शक्यतो बँकेतून द्या आणि साध्या कागदावर का होईना, तारीख-वेळ घालून दोघांच्या सह्या घ्या. गाडी कोणत्या वेळी ताब्यात आली हे त्यात लिहा. त्याआधीचं चलन, अपघात त्याचा, त्यानंतरचा तुमचा. सगळे पैसे एकदम देऊ नका. काही रक्कम राखून ठेवा आणि आरसीवर तुमचं नाव चढलेलं ॲपवर दिसलं की मगच ती द्या. विकणारा सरळ असेल तर तो याला नाही म्हणणार नाही.